एका झाकणाखालची दोन संस्थानं

मोटारीतल्या कोणत्या वस्तूला किती मान द्यायचा, हे आमच्या माळव्यात फार पूर्वीच ठरून गेलं आहे. पहिला मान हॉर्नचा. दुसराही हॉर्नचाच, कारण बऱ्याच गाड्यांना तो जोडीने बसवलेला असतो. मग एसी, मग गाणी, मग जमल्यास ब्रेक. एअरबॅगचा नंबर या यादीत लागत नाही. घेतल्यापासून एकदाही न वापरलेली वस्तू आमच्याकडे माळ्यावर जाते. एअरबॅग माळ्यावर टाकता येत नाही, म्हणून ती बिचारी स्टीअरिंगमध्ये पडून आहे, एवढंच.

देवास आणि धार या दोन्ही गावांत हॉर्नचा उपयोग समोरच्याला बाजूला करण्यासाठी होतो, हा बाहेरगावच्या लोकांचा गैरसमज आहे. समोर म्हैस असली तर हॉर्न वाजवायचा, नसली तर ती येऊ नये म्हणून वाजवायचा. ओळखीचा माणूस दिसला की वाजवायचा. त्याच्याकडून पैसे घेतलेले असतील तर दुसरीकडे बघत वाजवायचा. सिग्नल लाल असताना तो हिरवा व्हावा म्हणून आणि हिरवा झाल्यावर तो आपल्यामुळे झाला हे कळावं म्हणून. ज्या देवासात कुमार गंधर्वांनी माता टेकडीजवळच्या घरात आजारपणात पडल्या पडल्या माळव्याची लोकगीतं कान देऊन ऐकली, त्याच देवासात आज त्यांना पहिली दोन वर्षं फक्त हॉर्नच ऐकू आला असता.

आता गंमत अशी, की मोटार बनवणाऱ्यांनी सर्वांत जास्त दाबली जाणारी आणि कधीच फुटू नये अशी इच्छा असलेली, या दोन्ही वस्तू एकाच झाकणाखाली ठेवल्या. स्टीअरिंगच्या मधोमध कंपनीचं चिन्ह असलेलं जे गुबगुबीत झाकण असतं, ते दाबलं की हॉर्न वाजतो, आणि त्याच झाकणाच्या पोटात घडी घातलेली एअरबॅग आणि ती फुगवणारी दारू असते. म्हणजे आम्ही दिवसभर ज्याच्यावर थापा मारतो, ते एक छोटं दारूकोठार आहे. थापा मारल्याने ते उडत नाही, हे कंपनीचे उपकार. त्यांनी माळव्याचा विचार केलेला दिसतो.

देवासकरांना ही मांडणी नवी वाटायचं खरं तर कारण नाही. १७२८ च्या सुमारास तुकोजी आणि जिवाजी या दोन पवार बंधूंनी या एकाच गावात दोन गाद्या मांडल्या: थोरली पाती आणि धाकटी पाती. दोन राजे, दोन राजवाडे, दोन कारभार, आणि हद्द गावाच्या मधून गेलेली. टेकडीवर देवीसुद्धा दोन, मोठी माता तुळजाभवानी आणि छोटी माता चामुंडा. १९४८ मध्ये दोन्ही संस्थानं मध्य भारतात विलीन होईपर्यंत हा संसार चालला. स्टीअरिंगवर तो अजून चालू आहे. एअरबॅग ही थोरली पाती: मानाची, अबोल, वर्षानुवर्षं दर्शन न देणारी. हॉर्न ही धाकटी: तिचा दरबार अहोरात्र भरलेला.

या दोन संस्थानांना सामाईक असा एक रस्ता आहे. त्याला गॅरेजात क्लॉक स्प्रिंग म्हणतात. स्टीअरिंग फिरतं आणि त्याच्यामागचा सांगाडा जागचा हलत नाही. मग स्टीअरिंगवरच्या हॉर्नची आणि एअरबॅगची तार पिळवटून तुटू नये म्हणून एका चपट्या गोल डबीत पट्टीसारखी केबल गुंडाळून ठेवलेली असते. स्टीअरिंग एका बाजूला फिरवलं की ती सुटते, दुसऱ्या बाजूला फिरवलं की गुंडाळली जाते. ही पट्टी कधीतरी तुटते. तुटली की एकाच वेळी दोन घटना घडू शकतात. मीटरमध्ये एअरबॅगचा लाल दिवा कायमचा पेटतो, आणि हॉर्न बंद पडतो.

पट्टी हप्त्याहप्त्याने तुटली, की माणसाची परीक्षा होते. दिवा आधी पेटलेला असेल, तर तो दिवाळीपासून होळीपर्यंत पेटलेला राहतो. घरातले त्याच्याकडे देवघरातल्या समईच्या भावनेने बघतात. कुणी पाहुण्याने विचारलंच तर, "तो असाच असतो," असं सांगितलं जातं. दिव्याचा अर्थ मात्र सरळ आहे: यंत्रणेत दोष आहे, धडक झाली तर एअरबॅग उघडेलच असं नाही. पण मग एके सकाळी हॉर्न बंद पडतो. त्या दिवशी ऑफिसला दांडी पडते. गाडी दुपारच्या आत गॅरेजमध्ये असते, आणि मालक बाहेर स्टुलावर बसून घरी फोन करत असतो, "अगं, आज यायला उशीर होईल. गाडी चालवण्यालायकच राहिली नाहीये."

माणसाचा जीव वाचवणारी वस्तू आमच्याकडे सोडवली जाते ती अशी, आवाज करणाऱ्या वस्तूच्या दुरुस्तीसाठी.

गॅरेज म्हटलं की देवासची परंपरा सांगितली पाहिजे. १९२१ साली थोरल्या पातीचे तुकोजीराव तिसरे यांनी इंग्रज कादंबरीकार ई. एम. फॉर्स्टर यांना खासगी सचिव म्हणून बोलावलं. साहेबांकडे जी कामं आली, त्यांत बागा होत्या, पाहुणेघर होतं, वीजघर होतं आणि मोटारीही होत्या. तीन वर्षांनी ज्यांची 'अ पॅसेज टु इंडिया' जगभर गाजली, त्या माणसाच्या हाती आमच्या गावाने मोटारखाना दिला. मोटारीचं काम येणाऱ्यालाच ते सांगावं, असा हट्ट देवासाने कधी धरलेला नाही. फॉर्स्टर यांनी या दिवसांवर लिहिलेलं 'द हिल ऑफ देवी' १९५३ साली प्रसिद्ध झालं. त्याच वर्षी अमेरिकेत जॉन हेट्रिक नावाच्या अभियंत्याला मोटारीत फुगणाऱ्या उशीचं पेटंट मिळालं. बायको-मुलीला घेऊन फिरायला गेलेला हा गृहस्थ समोरचा दगड चुकवताना खड्ड्यात गेला, आणि मुलीला आपटू नये म्हणून नवरा-बायको दोघांनीही हात आडवे घातले. हातांऐवजी काही फुगून पुढे आलं तर, हा विचार त्याला तिथे सुचला. आमच्याकडे अशा प्रसंगी आधी दगड कुणी ठेवला त्याची चौकशी होते. पेटंट राहून जातं.

आता गॅरेजमध्ये जमलेली मंडळी बघू. मालक असतो. उस्ताद असतो. उस्तादाचा छोटू असतो. शेजारच्या पंक्चरवाल्याला काम नसतं. आणि धारहून आलेले आमचे साडूभाऊ असतात. साडूभाऊ पीथमपूरला मोटारींच्या सुट्या भागांच्या कारखान्यात हिशेब तपासत होते, त्यामुळे मोटारीबद्दलचा शेवटचा शब्द त्यांचा असतो. पीथमपूर धार जिल्ह्यात आहे हे ते दर दहा मिनिटांनी सांगतात, आणि सांगावं असंच ते आहे. ट्रकपासून दुचाकीपर्यंत काय काय तिथे बनलं आहे. तिथेच नॅट्रॅक्स हे वाहनचाचणी केंद्र आहे. त्याच्या ११.३ किलोमीटर लांबीच्या, चार पदरी, लंबगोल वेगवान मार्गाचं उद्घाटन २९ जून २०२१ रोजी तेव्हाचे अवजड उद्योगमंत्री, आपले पुण्याचे प्रकाश जावडेकर यांनी केलं. आशियातला सर्वांत लांब असा तो मार्ग. साडूभाऊंनी तो कुंपणाबाहेरून पाहिला आहे. त्यांचं मत असं, की त्या रस्त्यावर समोरून कुणीच येत नाही, तेव्हा हॉर्न वाजवायची सोय नाही, तेव्हा गाडीची खरी परीक्षा तिथे होऊच शकत नाही.

"भिया, दो मिनट का काम है," उस्ताद म्हणतो आणि स्टीअरिंगच्या झाकणाच्या फटीत स्क्रू ड्रायव्हर घालायला वाकतो. या घटकेला जो त्याचा हात धरेल, तो खरा मित्र.

कारण एअरबॅगचा स्वभाव उस्तादाच्या माहितीतल्या कुठल्याच भागाशी जुळत नाही. कार्ब्युरेटर चुकीचा उघडला तर पेट्रोल सांडतं. ब्रेक चुकीचा उघडला तर मालकाला दुसऱ्या दिवशी कळतं. एअरबॅग चुकली तर तिथल्या तिथे कळतं, आणि ज्याला कळतं त्याचं तोंड समोरच असतं. धडक बसल्यावर ती उघडायची की नाही हे ठरवायला आणि ती पूर्ण फुगायला मिळून एका सेकंदाच्या हजार भागांतले पन्नासेक भाग पुरतात. पापणी लवायला याच्या दुपटीहून जास्त वेळ लागतो. तेवढ्यात पन्नास-साठ लिटरची पिशवी वायूने भरते आणि पाठीमागच्या भोकांतून लगेच रिकामीही व्हायला लागते, म्हणजे चेहरा तिच्यात रुतावा, आपटू नये. पट्टा बांधून अंतरावर बसलेल्या माणसासाठी हा हिशेब आहे. झाकणावर नाक टेकवून फटीत स्क्रू ड्रायव्हर फिरवणाऱ्या माणसाचा त्यात विचार केलेला नाही.

म्हणून कामाची सुरुवात बॉनेट उघडून होते. चाकं सरळ करायची, किल्ली काढायची आणि बॅटरीचा नेगेटिव्ह दहा नंबरच्या पान्याने सोडवून बाजूला बांधून ठेवायचा. हे उस्तादाला पटतं, कारण यात पाना आहे. पुढची पायरी मात्र माळव्याच्या इतिहासात कुणाला जमलेली नाही. ती अशी: काहीही न करता थांबायचं.

"थांबायचं म्हणजे?" साडूभाऊंनी विचारलं.

"म्हणजे थांबायचं."

"कुणासाठी? कुणी यायचंय का?"

"कुणी यायचं नाहीये. वीज जायचीय."

"वीज तर गेली. बॅटरी काढली ना!"

इथेच सगळी मेख आहे. जोराच्या धडकेत बॅटरी सर्वांत आधी तुटू शकते. मग एअरबॅग पेटवायची कशी? म्हणून तिच्या कंट्रोल युनिटमध्ये थोडी वीज राखून ठेवलेली असते, बॅटरी गेल्यावरही एकदा काम करण्यापुरती. बॅटरी ट्रकने तोडली की उस्तादाच्या पान्याने, हे त्या राखीव विजेला कळत नाही. ती आपोआप ओसरेपर्यंत धीर धरावा लागतो. कुठली कंपनी एक मिनिट सांगते, कुठली तीन, कुठली दहा. आपल्या गाडीच्या पुस्तकात जे लिहिलं असेल ते खरं. आणि पुस्तक डिकीत स्टेपनीखाली भिजून गेलं असेल, तर सगळ्यांत मोठा आकडा आपला मानावा.

दहा मिनिटं! पोह्यांसाठी रांगेत अर्धा तास उभा राहणारा माणूस इथे दुसऱ्या मिनिटाला कासावीस होतो. पंक्चरवाला म्हणतो, नेगेटिव्ह-पॉझिटिव्ह एकमेकांना लावून दे, लवकर उतरेल. छोटू सीटवर बसून हॉर्न दाबून बघतो, वाजत नाही म्हणून आणखी जोरात दाबतो. रस्त्यावरून जाणारा एक अनोळखी गृहस्थ स्कूटर थांबवून विचारतो, "क्या हुआ?" आणि काय झालं हे कळायच्या आत उपाय सांगायला लागतो. साडूभाऊ व्हिडिओ लावतात. व्हिडिओतला गोरा माणूसही थांबलेला असतो, पण तिथे ती दहा मिनिटं कापलेली असतात. साडूभाऊंचा निष्कर्ष असा, की परदेशात थांबायची पद्धत नाही.

यावर देवासात सापडलेला एकमेव खात्रीचा उपाय म्हणजे चहा. छोटूला कट चहा आणायला पाठवायचं. तो जाणार, तिथे गप्पा मारणार, येताना एक विसरून परत जाणार, मग सगळे फुंकर मारून पिणार. जगातल्या कुठल्याही कंपनीच्या कंट्रोल युनिटमधली वीज एवढ्यात उतरते. शिवाय छोटू स्टीअरिंगपासून लांब राहतो, हा जास्तीचा फायदा.

चहा संपला की झाकण काढायचं. पण ते निघतं कुठून? समोर एकही स्क्रू दिसत नाही. स्टीअरिंगच्या मागच्या बाजूला किंवा खालून दोन-तीन भोकं असतात. कुठे त्यांच्यात ताऱ्याच्या तोंडाचा स्क्रू असतो, कुठे नुसती स्प्रिंग, जी बारीक सळईने दाबली की झाकण एका बाजूने टुणकन सुटतं. प्रत्येक गाडीचं वेगळं. हे इतकं लपवून का ठेवतात, असं साडूभाऊंनी तक्रारीच्या सुरात विचारलं, तेव्हा मला त्यांच्याच धारच्या राजाची आठवण करून द्यावी लागली. राजा भोजाचा 'समरांगणसूत्रधार' हा अकराव्या शतकातला ग्रंथ. त्यात यंत्रांवर एक अख्खा अध्याय आहे, पाऱ्याच्या जोरावर उडणाऱ्या लाकडी यंत्रासकट. आणि तिथे राजेसाहेबांनी बजावून ठेवलं आहे, की यंत्र कसं जोडायचं हे मी सांगत नाही ते गुप्ततेसाठी, मला येत नाही म्हणून नव्हे. मोटार कंपन्यांनी धारचाच कित्ता गिरवला. धारच्या आजच्या गॅरेजांत मात्र परिस्थिती उलटी आहे. तिथे सगळं सांगतात. गुप्तता मुळीच नाही, आणि येत नाही ही अडचण कुणी मानत नाही.

झाकण सुटलं की मागे पिवळा कपलर दिसतो. एअरबॅगच्या तारा आणि कपलर बहुतेक सगळ्या गाड्यांत पिवळेच असतात. पिवळं दिसलं की हात आवरायचा, असा त्याचा अर्थ. आमच्याकडे पिवळं म्हणजे हळद, हळद म्हणजे शुभ, म्हणून उस्तादाचा हात आधी तिथेच जातो. जाऊ दे, पण रिकामा जाऊ दे. त्याच्या दुसऱ्या हातात टेस्ट लॅम्प असेल, तर तो काढून घ्यायचा. "करंट आ रहा है कि नहीं देख लेते हैं," हे वाक्य मोटारीच्या इतर कुठल्याही भागापाशी शहाणपणाचं आहे. इथे मात्र बघायला जाणं म्हणजेच करंट देणं. दारू पेटवायला फार वीज लागत नाही. म्हणून बल्ब नाही, मल्टिमीटर नाही, तार सोलून जोडणं नाही, सोल्डरिंग नाही. कपलरकडे हात जाण्याआधी तो गाडीच्या पत्र्याला लावायचा, म्हणजे अंगावरची स्थिर वीज उतरते. माळव्याच्या कोरड्या हिवाळ्यात नायलॉनचं जॅकेट घातलेल्याने तर नक्कीच. मग कपलरची कडी उचलायची आणि तारेला न ओढता तो सरळ बाहेर काढायचा. चांगल्या कपलरमध्ये एक छोटी पट्टी असते. तो निघाला की ती दोन्ही टोकं आपसांत जोडून टाकते, म्हणजे भलतीकडून आलेल्या विजेने दारू पेटू नये. हे ऐकून उस्ताद पहिल्यांदा खाली बसला. कुणीतरी आपल्यापेक्षा जास्त विचार करून ठेवलाय, हे त्याला त्या पट्टीवरून पटलं.

आता झाकण हातात आलं. ते धरायचं कसं? नुकतंच पोटभर दूध प्यालेलं बाळ इस्त्रीचा सदरा घातलेला मामा जसं धरतो तसं: तोंड बाहेरच्या बाजूला, अंगापासून लांब. छातीशी कवटाळायचं नाही, काखेत मारायचं नाही, छोटूकडे फेकायचं तर नाहीच. आणि ठेवायचं टेबलावर, चिन्ह वर करून, वर काहीही न ठेवता. ओरखडा पडू नये म्हणून चांगली बाजू खाली करून ठेवायची आपली जुनी घरगुती सवय इथे सोडायची. चिन्ह वर असताना ती चुकून उघडलीच तर पिशवी हवेत फुगेल. चिन्ह खाली असेल तर तीच पिशवी टेबलाला ढकलून अख्खा लोखंडी भाग छताकडे पाठवेल, आणि वाटेत कुणाची हनुवटी असू शकते.

टेबलही कुठलं ते बघायला हवं. वेल्डिंगच्या शेजारचं नको, उन्हातलं नको, आणि मुख्य म्हणजे जिथे बसून सगळे चहा पितात ते नको. आमच्या साडूभाऊंना ती वस्तू घरी नेऊन मेहुणीला दाखवायची होती. शेवटी क्लॉक स्प्रिंग बदलून होईपर्यंत ते स्वतः त्या टेबलापाशी पहाऱ्याला उभे राहिले. एवढी जबाबदारी त्यांना कारखान्यातही कुणी दिली नव्हती.

नवी क्लॉक स्प्रिंग बसवताना ती मधोमध असावी लागते, नाहीतर पहिल्या वळणावर पुन्हा तुटते. बाकी सगळं उलट्या क्रमाने. कपलर खट्ट आवाज होईपर्यंत बसवायचा, झाकण लावायचं, आणि बॅटरी अगदी शेवटी जोडायची, तीही स्टीअरिंगसमोर कुणी बसलेलं नसताना. किल्ली फिरवताना दारातून हात घालून बाजूने फिरवायची. एअरबॅगचा लाल दिवा काही सेकंद पेटतो आणि विझतो. काम झाल्याची खूण हीच.

ही खूण कुणी बघत नाही. सगळ्यांचा श्वास हॉर्नसाठी रोखलेला असतो. मालक दाबतो, हॉर्न वाजतो, पंक्चरवाला टाळी वाजवतो, स्कूटरवाला अनोळखी गृहस्थ "बोला था ना" म्हणून निघून जातो.

दिवा विझलाच नाही तर? तर गाडी स्कॅनर असलेल्या सर्व्हिस सेंटरला न्यायची. गल्लीत याला दुसरं उत्तर मिळतं, ते ऐकायचं नाही. कुणी मीटरमधला बल्बच काढून देतो, कुणी कपलरमध्ये छोटासा रेझिस्टर खुपसून कंट्रोल युनिटला एअरबॅग जागेवर असल्याची थाप मारतो. जुनी गाडी घेणाऱ्याने म्हणून एवढं बघावं: किल्ली फिरवल्यावर तो दिवा क्षणभर पेटायलाच हवा. जो दिवा कधी पेटतच नाही, त्याच्यावर जास्त संशय घ्यावा. झाकणाखाली एअरबॅगच्या जागी जुनं गोणपाट निघू नये, एवढीच इच्छा.

काढलेली जुनी एअरबॅग भंगारवाल्याला विकायची नसते, हे सांगूनही पटत नाही. मालाच्या वाहतुकीच्या आंतरराष्ट्रीय नियमांत ही धोकादायक वस्तू आहे, संयुक्त राष्ट्रांचा क्रमांक ३२६८. साध्या कुरिअरनेही ती पाठवायची नसते. जपानच्या ताकाता कंपनीच्या एअरबॅगमधली दारू उष्णतेने आणि दमटपणाने बिघडून लोखंडाचे तुकडे उडायला लागले, तेव्हा जगभरातून कोट्यवधी एअरबॅगा परत बोलावाव्या लागल्या, आणि २०१७ मध्ये कंपनी दिवाळखोरीत गेली. कंपनीकडून अशी फुकट बदलून देण्याची चिठ्ठी आली, तर ती लग्नपत्रिकेच्या ढिगात ठेवायची नाही, हा त्यातला आपल्यापुरता धडा.

खरी गोष्ट अशी आहे की आमच्याकडे एअरबॅग काढावी लागत नाही. ती जागेवर असतानाच आम्ही तिला निकामी करून ठेवतो. पुढे लोखंडी गार्ड बसवतो, ज्याने धडकेचा अंदाज घेणाऱ्या सेन्सरचा हिशेब चुकू शकतो; केंद्र सरकारने डिसेंबर २०१७ मध्येच त्यावर कारवाई करा असं राज्यांना कळवलं होतं. शेजारच्या सीटपुढच्या एअरबॅगच्या नेमक्या झाकणावर मातेची मूर्ती चिकटवतो. भाव चांगला आहे, पण ती पिशवी उघडली तर मूर्ती आपल्याच तोंडावर येईल. मातेला टेकडीवरून आपलं रक्षण करायची सवय आहे, तिला डॅशबोर्डवर उभं करायची गरज नाही. पट्ट्याची शिट्टी नको म्हणून बकलमध्ये नकली क्लिप घालतो. अशा क्लिपा विकणाऱ्या ऑनलाइन दुकानांवर २०२३ मध्ये केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने बडगा उगारला. एअरबॅग ही पट्ट्याची पुरवणी आहे. पट्टा नसेल तर आपण ती फुगायच्या आधीच तिच्या दारात पोचतो, आणि मग ती वाचवते कमी, मारते जास्त.

१ जुलै २०१९ पासून नव्या गाड्यांत चालकापुढे एअरबॅग सक्तीची झाली, नंतर शेजारच्या सीटलाही झाली. पुढे आपले नागपूरचे नितीन गडकरी सहा एअरबॅगांवर आले, तारखा पुढे गेल्या, आणि २०२३ मध्ये सक्ती करणार नाही असं त्यांनीच सांगितलं. सहा काय किंवा दोन काय. माळव्यात त्यातली एक तरी शाबूत असली म्हणजे मिळवली.

तेव्हा वाचकांना एवढंच सांगणं. ज्या उस्तादाला दहा मिनिटं थांबवत नाही, त्याच्या हाती स्टीअरिंगचं झाकण देऊ नका, आणि स्वतः तर अजिबात उघडू नका. छाती आणि स्टीअरिंग यांच्यात एक वीत आणि वर दोन बोटं अंतर ठेवा. मागे तोंड करून बसवायची बाळाची खुर्ची पुढच्या सीटवर ठेवू नका. पट्टा बांधा. आणि मीटरमधला तो लाल दिवा पेटला, तर हॉर्न बंद पडलाय असं समजून त्याच दिवशी गाडी दाखवा. दुसऱ्या कुठल्या कारणाने तुम्ही जाणार नाही, हे मला ठाऊक आहे.